लेकीला बसथांब्यावर त्रास होतोय. क्लास बंद न करता काय करता येईल?

मुग्धा_पुणे (सोमवार, रात्री १०.४०)

इथे बरीच वर्षं वाचतेय, लिहिलं फारसं नाही. आज लिहितेय, कारण घरात दोन दिवस नुसती बोलाचाली चालू आहे आणि मार्ग निघत नाहीये.

माझी लेक १९ वर्षांची. कॉलेजनंतर जर्मनचा क्लास करते. सोमवार, बुधवार, शुक्रवार. साडेसातला क्लास सुटतो, पावणेआठच्या सुमाराची पीएमपी धरते, साडेआठला घरी. जूनपासून सगळं सुरळीत होतं. गेल्या आठवड्यात एकदम म्हणाली, मला जर्मन नाही करायचं. फी भरलेली, परीक्षा दोन महिन्यांवर. मी चिडले. दोन दिवस बोलली नाही. मग तिनेच वहीचं शेवटचं पान माझ्यापुढे धरलं. पेन्सिलीने लिहिलेलं: सोम ७.४८. बुध ७.५२. शुक्र ७.४५, जवळ आला. असं तीन आठवड्यांचं.

एक माणूस, चाळिशीचा असावा, हेल्मेट न काढता थांब्याला स्कूटर लावतो. पहिल्यांदा म्हणाला, "कुठं जायचंय, सोडतो." ती नको म्हणाली. मग दर वेळी यायला लागला. एकदा मोबाइलचा स्क्रीन तिच्याकडे वळवला. त्यावर काय होतं ते तिला अजून मला सांगता आलेलं नाही. परवाच्या शुक्रवारी खाली उतरून इतका खेटून उभा राहिला की त्याचा हात तिच्या सॅकला लागत होता. तेव्हापासून तिने क्लासच टाकलाय. त्याआधीही दोनदा ती आधीच्या थांब्यापर्यंत पंधरा मिनिटं चालत गेली होती, मला न सांगता. त्या स्कूटरचा सायलेन्सर फुटका आहे. काल रात्री आमच्या सोसायटीत तसाच आवाज आला, तर जेवता जेवता तिचा घास हातातच राहिला. मी बघत होते.

थांबा कसा आहे ते सांगते, नाव मुद्दाम देत नाही. स्टीलची शेड, पाठीमागे आणि एका बाजूला जाहिरातीचे मोठे बोर्ड, त्यामागे बांधकामाचे पत्रे. रस्त्यावरून येणाऱ्याला शेडमध्ये कोण उभं आहे ते दिसतच नाही.

नवरा म्हणतो, क्लास ऑनलाइन कर. सासूबाई म्हणतात, तू आणायला जा. माझी ड्युटी आठला सुटते. लेक म्हणते, "आई, मला बसची भीती नाही वाटत गं. बस आली की सुटले. बस येईपर्यंतचंच काय ते."

पोलिसांत जावं का? तिने तिथे उभं असताना काय करावं? आणि त्या थांब्याचंच काही करता येतं का? ज्यांनी हे प्रत्यक्ष केलंय त्यांनी कृपया लिहा.

केतकी_स (सोमवार, रात्री ११.१५)

मुग्धाताई, आधी लेकीला माझ्याकडून सांगा की तिने वहीत लिहून ठेवलं हे फार शहाणपणाचं केलं. ती वही जपून ठेवा.

आणि क्लास बंद करू नका. मी बारावीत असताना आमच्या तालुक्याच्या गावी असंच झालं. एक मुलगा रोज स्टँडवर. घरी कळलं आणि दुसऱ्या दिवसापासून माझं जाणं बंद. वडिलांचा हेतू चांगलाच होता. पण मला तेव्हा एवढंच कळलं की सांगितलं तर आपलंच जाणं बंद होतं. पुढे हॉस्टेलला असताना दोनदा प्रसंग आले, घरी एका अक्षराने सांगितलं नाही. तुमची लेक बोलली आहे. त्या बोलण्याची किंमत तिला क्लास देऊन मोजायला लागू नये, एवढीच कळकळीची विनंती.

थांब्यावरच्या दोन गोष्टी सांगते. एक, शेडच्या आत उभं राहायचं नाही. बस दिसेल इतपत अंतरावर जे चालू दुकान असेल, मेडिकल, डेअरी, चहाची टपरी, तिथल्या उजेडात थांबायचं. बस सिग्नलला दिसली की चालायला लागायचं. दुसरी, बोलायचं तर मोठ्याने आणि "तुम्ही" म्हणून बोलायचं. "ए, तू लांब हो" म्हटलं की बघणाऱ्यांना वाटतं ओळखीतलं भांडण आहे, मैत्रीतलं आहे, आणि लोक मान वळवतात. "मी तुम्हाला ओळखत नाही. लांब उभे राहा. मोबाइल दाखवू नका." असं तीन वाक्यांत म्हटलं की तो अनोळखी आहे आणि काय करतोय हे दोन्ही आजूबाजूला कळतं. घरी आरशासमोर नाही, तुमच्यासमोर म्हणायला लावा. पहिल्यांदा आवाज फुटत नाही. माझा फुटला नव्हता.

निशांत७७ (सोमवार, रात्री ११.५०)

सगळं पटतं, पण व्यवहाराचं बोलायचं तर मुलींनी अंधार पडल्यावर एकटं थांबायचं टाळावं. सकाळची बॅच बघा. विषय मिटला.

केतकी_स (मंगळवार, सकाळी ७.०५)

निशांत, विषय मिटत नाही. पावणेआठ ही संध्याकाळ आहे. त्या वेळी दुकानातल्या मुली सुटतात, नर्सेसची पाळी बदलते, घरकाम करणाऱ्या मावशी परत निघतात. त्यांनी कोणती बॅच घ्यायची? आणि सकाळ म्हणाल तर डिसेंबरात साडेसहालाही अंधार असतो. ही मुलगी तिथून हलली तर तो माणूस हलणार नाही. उद्या तिच्या जागी दुसरी कोणी उभी असेल.

निशांत७७ (मंगळवार, सकाळी ८.३०)

दोष द्यायचा हेतू नव्हता. मलाही मुलगी आहे, सहावीत. मुद्दा पोचला. वाचतोय.

वकीलकाका (मंगळवार, सकाळी ९.२०)

मुग्धाताई, पोलिसांत जा. जरूर जा. आणि "किरकोळ बाब आहे" असं कोणी म्हणालं तर खालचं नीट लक्षात ठेवून बोला.

१ जुलै २०२४ पासून भारतीय दंड संहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता आहे. तुम्ही लिहिलेल्या प्रसंगांत निदान दोन कलमं सरळ लागतात. कलम ७८ म्हणजे पाठलाग. स्त्रीने स्पष्ट नको म्हटल्यावरही पुरुष पुन्हा पुन्हा मागे येतो, संपर्क साधू बघतो, तो हा गुन्हा. पहिल्या वेळी तीन वर्षांपर्यंत, पुन्हा केल्यास पाच वर्षांपर्यंत शिक्षा आहे. तुमची लेक पहिल्याच दिवशी "नको" म्हणाली आणि त्यानंतरचे वार आणि वेळा तिच्या वहीत आहेत, म्हणून मी वर केतकीताईंनी लिहिलेलं पुन्हा सांगतो की ती वही जपा. पान फाडू नका, पेन्सिलीवर पेन फिरवू नका, आहे तशी ठेवा. कलम ७५ म्हणजे लैंगिक छळ. इच्छेविरुद्ध अश्लील चित्र किंवा चित्रफीत दाखवणं त्यात येतं, तीन वर्षांपर्यंत शिक्षा. नुसते अश्लील शेरे असतील तर एक वर्षापर्यंत. विनयभंगाच्या हेतूने अंगाला हात लावला तर कलम ७४, तिथे किमान एक आणि कमाल पाच वर्षं, आणि तो अजामीनपात्र आहे. ७४, ७५, ७८ हे सगळे दखलपात्र गुन्हे आहेत. म्हणजे "एनसी (नुसती अदखलपात्र नोंद) घेतो, या तुम्ही" यावर तुम्ही समाधान मानायचं कारण नाही.

गुन्हा नोंदवायला थांब्याच्याच हद्दीतलं ठाणं शोधत फिरावं लागत नाही. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ प्रमाणे कुठल्याही ठाण्यात माहिती देता येते, ती पुढे योग्य ठिकाणी जाते. यालाच झीरो एफआयआर म्हणतात. या प्रकारच्या गुन्ह्यांत मुलीचं म्हणणं महिला अधिकाऱ्याने लिहून घ्यायचं असतं. लिहिलेलं वाचून दाखवायला सांगा, मगच सही. एफआयआरची प्रत फुकट मिळते, मागून घ्या. ठाण्यात घेतलंच नाही तर तक्रार लेखी करून वरिष्ठांकडे पाठवायची, आपल्याकडे परिमंडळाच्या उपायुक्तांकडे. तिथेही नाही झालं तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे.

मुलगी अठराच्या आतली असती तर २०१२ चा पॉक्सो, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक गुन्ह्यांचा कायदा लागला असता. ज्यांच्या घरी शाळकरी मुली आहेत त्यांच्यासाठी सांगतो, तिथे मुलीचा जबाब घरी किंवा तिला सोयीच्या जागी घेतात आणि पोलिसांनी त्या वेळी गणवेशात असायचं नसतं.

एक घाई मात्र करा. आजूबाजूच्या दुकानांचे कॅमेरे जुनं चित्रण पुसून त्यावर नवं घेत राहतात. शुक्रवारचं हवं असेल तर आजच दुकानदाराला भेटून ते जपून ठेवायची विनंती करा आणि तक्रारीत त्या कॅमेऱ्याचा उल्लेख करा.

मुग्धा_पुणे (मंगळवार, दुपारी १.१०)

काका, खूप खूप आभार. तुमचा प्रतिसाद लेकीला वाचून दाखवला. "पेन्सिल चालते?" एवढंच तिने विचारलं, आणि वही कपाटात ठेवली.

डोंबिवली_फास्ट_नाही_स्लो (मंगळवार, दुपारी १.४५)

मी २२ वर्षं लोकलने जातेय, म्हणून थोडं मुंबईचं. ५ मे १९९२ ला चर्चगेट ते बोरिवली पहिली लेडीज स्पेशल सुटली, तेव्हा माझी आई त्या लाइनवर होती. ती सांगायची की गाडीचा फायदा होताच, पण खरा फायदा फलाटावर झाला. एकाच जागी, एकाच वेळी, रोज त्याच बायका उभ्या राहायला लागल्या. एखादी दिसली नाही तर विचारपूस व्हायची.

आम्ही आजही तेच करतो. महिलांचा डबा जिथे येतो तिथेच आधीपासून जाऊन उभं राहायचं. सगळ्यात वाईट जागा म्हणजे पूल आणि जिने, गर्दीचा फायदा घेणारे तिथे असतात. सॅक पुढे, कोपर बाहेर, आणि मध्ये न चालता कठड्याच्या बाजूने चालायचं. कोणी काही केलं तर त्याचं वर्णन मोठ्याने करायचं: "निळा शर्ट, हात मागे घ्या." शर्टाचा रंग ऐकला की दहा माणसं त्याच्याकडे बघतात.

नंबर फोनमध्ये नावासकट टाकून ठेवा. कुठेही ११२. मुंबईत महिलांसाठी १०३. स्त्रियांची हेल्पलाइन १८१ आणि पोलिसांची १०९१. रेल्वेत १३९, रेल्वे पोलिसांचा १५१२. ऐन वेळी आठवत नाहीत, म्हणून होम स्क्रीनवर निदान ११२ तरी एका बोटावर हवा.

मुग्धा, तुमच्या लेकीच्या थांब्यावर पावणेआठला आणखी कोण असतं? कोणीतरी असणारच. दोघी असल्या तरी एकीचं एकटेपण जातं.

सह्यवारा (मंगळवार, रात्री ९.३०)

मी २६ वर्षांचा मुलगा आहे. एक गोष्ट लिहायचीच आहे. मागच्या वर्षी रात्री साडेनऊला कंपनीच्या बाहेरच्या थांब्यावर एक मुलगी आणि मी, दोघंच होतो. एक जण दारू पिऊन आला आणि तिच्याशी बोलायला लागला. ती माझ्याकडे दोनदा बघितली. मी फोनमध्ये बघत राहिलो. तिची बस आली, ती गेली. त्या रात्रीपासून ते बघणं डोक्यातून जात नाही. मी काय करायला हवं होतं हे मला खरंच माहीत नाही. मारामारी मला येत नाही. आणि अंबोलीचं प्रकरण माझ्या घरी अजून निघतं. ऑक्टोबर २०११ मध्ये अंधेरीत मैत्रिणींची छेड काढणाऱ्यांना हटकलं म्हणून दोन तरुणांना भोसकलं, दोघंही गेले. चौघांना २०१६ मध्ये जन्मठेप झाली, पण ती मुलं गेलीच. आई म्हणते, मध्ये पडू नकोस.

निवृत्त_वाहक (बुधवार, सकाळी ६.१५)

सह्यवारा, बाळा, मारामारी करायचीच नसते. मी ३१ वर्षं एसटीत वाहक होतो, तुला आमची रीत सांगतो. गाडीत असं काही दिसलं की मी त्या माणसाशी आधी बोलायचोच नाही. त्या पोरीशी बोलायचो. "ताई, तुमचं तिकीट बघू. पुढं या, इकडं जागा आहे." ती उठली की संपलं. थांब्यावर तू विचारायचंस, "ताई, अमुक नंबरची बस गेली का हो?" आणि तिच्या नि त्याच्या मधे जाऊन उभं राहायचं. एवढंच. ती उत्तर देते, तुमचं बोलणं सुरू होतं, त्याला दोघं दिसतात. तो ऐकेनासा झाला तर चार पावलं मागे जाऊन ११२ लाव, आणि लावलाय हे त्याला ऐकू जाऊ दे. चाकू काढणाऱ्यासमोर कोणीच थांबायचं नाही, तिला घेऊन उजेडाकडं चालायचं. तिची बस आली तरी लगेच निघून जाऊ नकोस. वाहकाच्या कानावर घाल.

आता एसटी स्टँडचं बोलतो, कारण २५ फेब्रुवारी २०२५ ला पहाटे स्वारगेट आगारात जे घडलं त्यानंतर माझी झोप उडाली होती. फलटणच्या गाडीची वाट बघत बसलेल्या मुलीला तुमची गाडी दुसरीकडं लागलीय असं सांगून, आवारात उभ्या असलेल्या रिकाम्या शिवशाहीत नेलं, अशी ती फिर्याद होती. त्या मुलीची काडीइतकी चूक नाही. कोणी "ताई" म्हणून बोलला की माणूस विश्वास ठेवतोच. पण पुढं कोणावर ही वेळ येऊ नये म्हणून आमच्या खात्यातली माहिती सांगतो. गाडी कुठल्या फलाटाला लागणार हे चौकशीच्या खिडकीतला वाहतूक नियंत्रक सांगतो आणि भोंग्यावरून पुकारा होतो. वाहकाच्या अंगावर खाकी असते, छातीला बिल्ला असतो, गळ्यात तिकिटाचं मशीन असतं. यातलं काही नसलेला माणूस गाडी बदललीय म्हणाला तर जागचं हलायचं नाही, खिडकीवर जायचं. दिवे बंद असलेल्या, चालक-वाहक नसलेल्या गाडीत पाय ठेवायचा नाही, कोणी कितीही घाई केली तरी. पहाटेची गाडी असेल तर बसायची जागा ती खिडकी दिसेल अशी धरायची, कोपऱ्यातला रिकामा बाक नको.

आणि गाडीत त्रास झाला तर वाहकाला सांगायला लाजू नका. दारं लावून गाडी सरळ पोलीस ठाण्यात नेता येते. मी माझ्या नोकरीत तीनदा नेली आहे. प्रवासी उशीर झाला म्हणून ओरडतात, ओरडू द्यावं.

सह्यवारा (बुधवार, सकाळी ७.४०)

काका, "ताई, बस गेली का" हे मला जमेल. मनापासून आभार.

दुर्वा_टी (बुधवार, सकाळी ८.१०)

सह्यवारासारख्या सगळ्या मुलांना एक विनंती. सामसूम थांब्यावर एकटी मुलगी असेल तर तुम्ही कितीही सज्जन असलात तरी तिला ते माहीत नसतं. चार-पाच हात लांब, उजेडात, ती तुम्हाला बघू शकेल असे उभे राहा. तिच्या पाठीमागे नको. बस.

फाट्यावरची_बाई (बुधवार, दुपारी ४.३०)

मी मराठवाड्यात माध्यमिक शाळेत शिकवते. शहरातल्या थांब्यावर निदान दिवा लावायला खांब तरी असतो. आमच्याकडे थांबा म्हणजे फाटा. एक लिंबाचं झाड, एक पानटपरी आणि दिवसातून चार एसट्या.

मुलींना शाळेसाठी एसटी मोफत आहे, अहिल्याबाई होळकर योजनेत. सरकारच्या मानव विकास कार्यक्रमातल्या निळ्या बसेसही मुलींसाठीच आहेत. तिकिटामुळे शाळा सुटत नाही. शाळा सुटते ती फाट्यावर. आमची शाळा पाचला सुटते आणि गाडी होती सव्वासहाची. सव्वा तास पंधरा-वीस मुली झाडाखाली. मोटारसायकलवरची पोरं चकरा मारायची, गाणी लावायची, चिठ्ठ्या टाकायची. नववीतली एक हुशार मुलगी अचानक यायची बंद झाली. घरी गेले तर आई म्हणाली, "बाई, फाट्यावर नाव निघालंय पोरीचं, आता स्थळ बघतोय." त्या पोरीने काहीच केलं नव्हतं. चिठ्ठी तिच्या अंगावर फेकली होती, तेवढंच.

आम्ही दोन गोष्टी केल्या. पहिली म्हणजे पाळ्या लावल्या. दोन आया आणि एक शिक्षक, रोज फाट्यावर, गाडी येईपर्यंत. आया हरभरा निवडायला घेऊन यायच्या. आठ दिवसांत चकरा कमी झाल्या. दुसरी जास्त कामाची. सरपंच, मुख्याध्यापक आणि पस्तीस पालकांच्या सह्यांचा अर्ज आगार व्यवस्थापकांना दिला, की ही फेरी सव्वापाचला करा. अर्जात नुसतं "गैरसोय होते" असं लिहिलं नाही, गावनिहाय मुलींची संख्या लिहिली. दोन महिने हेलपाटे घातले. झालं. आता पोरी दहा मिनिटंच थांबतात.

ती नववीतली मुलगी परत आली, दहावी झाली. लग्नाचं सध्या थांबलंय. यावर मी अजून फार बोलत नाही, मला भीती वाटते.

मुग्धाताई, तुमच्याकडेही बघा, थांबायची वेळच कमी करता येते का. पाच मिनिटं उशिरा क्लासमधून निघून चालतंय का?

मुग्धा_पुणे (बुधवार, रात्री ११.००)

बाई, तुमचं वाचून रडू आलं.

आज मी अर्धी रजा टाकून लेकीबरोबर तिथे गेले, सव्वासात ते सव्वाआठ. तो आला नाही. मी आधी नुसती तिथे उभी राहिले. मग लक्षात आलं की रस्त्याचा दिवा आहे, चालूही आहे, पण गुलमोहराच्या फांद्यांत पूर्ण बुडालाय. उजेड झाडावर पडतो, खाली नाही. शेडमध्ये उभं राहिलं की मला रस्ता दिसतो तो फक्त समोरचा. बस ज्या बाजूने येते ती बाजू जाहिरातीने झाकलेली. म्हणजे बस बघायला पुढे यावं लागतं आणि उभं राहायला मागे अंधारात. लेक म्हणाली, "तो नेहमी या बोर्डाच्या बाजूने यायचा. आवाज यायचा, दिसायचा नाही."

चाळीस पावलांवर मेडिकल आहे. मालकांशी बोलले. कॅमेरा रस्त्याकडे तोंड करून आहे. शुक्रवारचं चित्रण त्यांनी आमच्यासमोर बाजूला काढून ठेवलं. आणि वर डोंबिवलीच्या ताईंनी विचारलं होतं ना, आणखी कोण असतं? एक पोळ्या करणाऱ्या ताई असतात, त्याच बसच्या. त्या म्हणाल्या, "तुमची पोरगी होय ती? मला वाटायचं तिच्या ओळखीचाच आहे तो." तीन आठवडे दोघी एकाच थांब्यावर होत्या.

टोरांटोहून_मेधा (गुरुवार, पहाटे ५.२०)

मुग्धा, तुम्ही जे केलंत त्याची सुरुवात मी राहते त्या शहरातच झालीय, म्हणून लिहिल्यावाचून राहवत नाही. १९८९ मध्ये इथे मेट्रॅक नावाच्या संस्थेने बायकांना हातात प्रश्नावली देऊन संध्याकाळी थांब्यांवर आणि स्टेशनांत पाठवलं. इथे दिसतं का, इथून ओरडलं तर कोणाला ऐकू जाईल, पळायचं तर वाट कुठे. बायकांच्या त्या नजरेने केलेल्या पाहणीची पद्धत नंतर जगभर गेली. भारतात २०१३ पासून सेफ्टीपिन हे ॲप आहे, त्यातही तसेच मुद्दे आहेत: उजेड, मोकळेपणा, आजूबाजूला माणसं, त्यांत बायका किती, पायवाट.

इथल्या भुयारी रेल्वेत फलाटावर एक ठरावीक पट्टा आखलेला असतो. भरपूर उजेड, कॅमेरा, बोलायचं बटण, आणि ज्या गाडीला गार्ड असतो तिचा गार्डचा डबा बरोबर तिथेच थांबतो. एकट्या माणसाने तिथे उभं राहायचं. बसला १९९१ पासून सोय आहे की रात्री ड्रायव्हरला आधी सांगितलं तर दोन थांब्यांच्या मध्ये घराजवळ उतरता येतं. सुरुवातीला फक्त बायकांसाठी होती, आता सगळ्यांना आहे. मी रात्रपाळी करायचे तेव्हा पुढच्या दाराशी जाऊन रोज सांगायचे. आपल्याकडेही रात्रीच्या गाडीत बायका कमी असल्या की ड्रायव्हरदादा विनंती ऐकतात, मी पुण्यात असताना ऐकलेली आहे.

वकीलकाका (गुरुवार, सकाळी ९.००)

मुग्धाताई, त्या पोळ्यांच्या ताई तुमच्या साक्षीदार आहेत. त्यांना सांगा की साक्षीदार म्हणून स्त्रीला पोलीस ठाण्यात बोलावता येत नाही, जबाब त्यांच्या घरी येऊन घ्यावा लागतो. कलम १७९. त्या बहुधा ठाण्याच्या पायरीला घाबरत असतील, एवढं कळलं तर तयार होतील.

स्वाती_जी (गुरुवार, सकाळी १०.१०)

मिरचीच्या स्प्रेबद्दल कोणीच लिहिलं नाही. सॅकच्या तळाशी असेल तर उपयोग शून्य, हातात हवा. वारा आपल्या तोंडावर असेल तर आपलेच डोळे जातात. घेतलाच तर गच्चीवर एकदा मारून बघा, आणि तो पळायला वेळ मिळावा म्हणून आहे हे लेकीला सांगा.

मुग्धा_पुणे (तीन आठवड्यांनी, रविवार, सकाळी ११.३०)

सगळ्यांनी इतकं लिहिलंत, पुढचं सांगायलाच हवं.

पोलिसांत गेलो. पहिल्या टेबलावर "आधी नुसता अर्ज द्या" असं झालं. मी काकांचा प्रतिसाद छापून नेला होता, शांतपणे ७८ आणि ७५ म्हटलं. मग महिला उपनिरीक्षक आल्या. त्यांनी लेकीला पाणी दिलं, "आईने बाहेर बसू का?" असं मला तिलाच विचारायला सांगितलं. लेक म्हणाली, आई इथेच असू दे. मोबाइलवर काय होतं ते तिने पहिल्यांदा त्यांनाच सांगितलं. वहीच्या त्या पानाची झेरॉक्स जोडली. मेडिकलच्या चित्रणात स्कूटरच्या नंबरचे शेवटचे तीन आकडे दिसले. माणूस सापडला, त्याच भागात राहणारा. गुन्हा नोंद झालाय. त्याला जामीन मिळालाय. पुढे कोर्टात काय होईल ते होईल.

पोळ्यांच्या ताईंनी जबाब दिला. त्या आणि लेक आता मेडिकलच्या पायरीवर बसून बसची वाट बघतात. बसचं लाइव्ह लोकेशन लेक त्यांना वाचून दाखवते. ती क्लासमधून सात मिनिटं उशिरा निघते.

झाडाच्या फांद्यांसाठी क्षेत्रीय कार्यालयात उद्यान विभागाकडे अर्ज, दिव्यासाठी विद्युत विभागाकडे वेगळा. फांद्या नवव्या दिवशी छाटल्या. उजेड आता थेट बाकावर येतो. जाहिरातीचा बोर्ड आहे तिथेच आहे. त्याचं कंत्राट वेगळ्या लोकांकडे आहे, दोन पत्रं झाली, तिसरं उद्या देतेय. त्यात एवढंच मागितलंय की बस येते त्या बाजूचा बोर्ड काढा किंवा अर्धा पारदर्शक करा.

लेक दोन शुक्रवार गेली नाही. परवाच्या शुक्रवारी गेली.

सह्यवारा (रविवार, दुपारी १२.१५)

ताई, वाचून फार बरं वाटलं. मीही माझ्या कंपनीबाहेरच्या थांब्यावर काल सात वाजता जाऊन आलो. ओळीने दोन दिवे बंद आहेत. तक्रारीत खांब क्रमांक मागतात, तो कुठे असतो?

मुग्धा_पुणे (रविवार, दुपारी १२.४०)

खांबावर साधारण डोक्याइतक्या उंचीवर रंगाने लिहिलेला असतो, जुना असेल तर पुसट होतो. टॉर्च मारून फोटो काढ. क्रमांक नसेलच तर समोरच्या दुकानाचा पूर्ण पत्ता टाक आणि दोन्ही दिव्यांची तक्रार वेगवेगळी कर. मी एकत्र केली होती, एकच दिवा लागला आणि तक्रार बंद झाली.